आशालताबाईंचे चार दिवस

२०१३ सालच्या जानेवारी महिन्यात आमच्या वांकिडीच्या घरात दोन घटना घडल्या. ई टीव्ही मराठी वाहिनीवर २००१ सालापासून चालत आलेली 'चार दिवस सासूचे' ही मालिका एकदाची संपली. आणि संक्रांतीच्या तोंडावर 'सीतम्मा वाकिट्लो सिरिमल्ले चेट्टु' हा तेलुगू चित्रपट कागजनगरला लागला. पहिल्या घटनेने आमची आई खिन्न झाली. दुसरीने हैद्राबादेहून सणाला आलेली आमची सून हरखली. एकीला मराठीवाचून दुसऱ्या भाषेत माया करता येत नव्हती, दुसरीला मराठीचा गंध नव्हता. लग्नाला दीड वर्ष होऊन गेले तरी आजेसासू आणि नातसून यांचे बोलणे पाया पडणे आणि आशीर्वाद यांच्या पलीकडे सरकलेले नव्हते. मात्र त्या दोन्ही घटनांत बाई एकच होत्या, श्रीमती रोहिणी हट्टंगडी.

ह्या बाईंविषयी काही लिहावे असे फार दिवस मनात होते. समीक्षकाचा अधिकार आम्हांला नाही. कोषागार खात्यात बत्तीस वर्षे बिलांवर सह्या करण्यात गेली. त्या माणसाने नाट्यचित्रांविषयी अधिकारवाणीने बोलू नये हे आम्ही जाणतो. परंतु चाळीस वर्षे आम्ही ह्या अभिनेत्रीला चंद्रपूर, करीमनगर, हैद्राबाद आणि वांकिडी अशा निरनिराळ्या गावी बसून पाहत आलो, आणि तिच्याविषयीचे आमचे मत एकदा नव्हे, दोनदा चुकले. दोन्ही वेळा ती चूक आमच्या अशिक्षित आईने दाखवून दिली. तेवढे टिपून ठेवावे, इतकाच ह्या लेखाचा हेतू.

प्रथम दर्शन झाले ते १९८३ च्या उन्हाळ्यात. 'गांधी' चित्रपटाला आठ ऑस्कर मिळाल्याची वार्ता नुकतीच वृत्तपत्रांतून आली होती. त्या आठांपैकी वेषभूषेचे एक कोल्हापूरच्या भानू अथैया यांना, म्हणून आमच्या शिक्षक वडिलांना विशेष अभिमान. त्यांनी आई व आम्हांला राजुऱ्यावरून बसने चंद्रपूरला नेले. येथे थोडे विषयांतर करतो. आईचे माहेर राजुरा तालुक्यातले. १९५५ साली ती लग्न होऊन वांकिडीला आली, तेव्हा माहेर आणि सासर दोन्ही निजामाच्या जुन्या मुलखातील आदिलाबाद जिल्ह्यातच होती. पुढल्याच वर्षी भाषावार प्रांतरचना झाली. राजुरा मुंबई राज्यात गेला आणि वांकिडी आंध्र प्रदेशात राहिली. एका वर्षात बाईचे माहेर परराज्यात गेले. हे आपल्यांतील पुष्कळ घरांत घडले आहे, म्हणून त्याचा विस्तार करीत नाही. चंद्रपूरला जायचे म्हटले की आई नवे लुगडे काढी, एवढे सांगितले म्हणजे पुरे.

तीन तासांहून लांब असा तो चित्रपट. बेन किंग्जले यांनी महात्माजी साकार केलेले पाहून प्रेक्षागृह थक्क होत होते. आम्ही तेव्हा पदवीच्या शेवटच्या वर्षाला होतो, इतिहास हा विषय होता, त्यामुळे आमचे लक्ष दांडी, जालियनवाला आणि गोलमेज परिषद यांकडे. परतीच्या बसमध्ये वडिलांनी आईला विचारले, "काय आवडले?" आई म्हणाली, "ते संडास साफ करायचं." दक्षिण आफ्रिकेतल्या आश्रमात शौचकूप साफ करण्यास कस्तुरबा नकार देतात, गांधीजी संतापून त्यांना दाराबाहेर ढकलू पाहतात, मग स्वतःच वरमतात, आणि अखेर बा त्या कामाला जाण्यास सिद्ध होतात, असा तो प्रसंग आहे. वडील म्हणाले, "बघ, शेवटी तिने ऐकलेच." त्यावर आई खिडकीबाहेर पाहत म्हणाली, "ऐकलं. पण पटलं म्हणून नाही ऐकलं."

आम्हांला त्या वेळी हसू आले होते. पुढे कित्येक वर्षांनी तो चित्रपट पुन्हा पाहिला, तेव्हा ध्यानात आले की अभिनेत्रीने नेमके तेच केले आहे. संवादात शरणागती आहे, पण डोळ्यांत नाही. पतीच्या थोरवीपुढे बाई नमली, तरी आतला एक कोपरा तिने स्वतःपाशी राखून ठेवला आहे. रिचर्ड ॲटनबरो यांनी ह्या भूमिकेसाठी स्मिता पाटील, भक्ती बर्वे आणि रोहिणी हट्टंगडी अशा मराठी रंगभूमी-चित्रपटांतील अभिनेत्रींची लंडनला नेऊन चाचणी घेतली होती. तिघीही तोलामोलाच्या. निवड झाली ती ह्या तुलनेने अपरिचित बाईंची. तरुण वयापासून थेट आगाखान पॅलेसमधील १९४४ च्या मृत्यूपर्यंतच्या कस्तुरबा त्यांनी उभ्या केल्या, आणि त्या वेळी त्यांचे स्वतःचे वय तिशीच्या आसपास होते. ब्रिटनचे बाफ्ता हे पारितोषिक त्यांना साहाय्यक अभिनेत्री म्हणून मिळाले, मॉरीन स्टेपलटन ह्या अमेरिकन अभिनेत्रीसह विभागून.

अपरिचित म्हटले ते चित्रपटापुरते. रंगभूमीवर त्यांचे नाव झालेले होते. पुण्याच्या ओकांची ही मुलगी १९७१ साली दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात दाखल झाली. इब्राहिम अल्काझी तेथील संचालक. अल्काझींच्या तालमीत तयार झालेल्या नटांना उभे कसे राहावे आणि चालावे कसे हे आधी शिकावे लागे, बोलणे मागाहून. त्याच विद्यालयात त्यांनी जपानी काबुकी पद्धतीच्या 'इबारागी' नाटकात काम केले. काबुकीत स्त्रियांच्या भूमिकादेखील शतकानुशतके पुरुषच करीत आले आहेत, आपल्याकडे बालगंधर्व करीत तशा. बाईचे चालणे, बसणे, मान वळवणे ह्या प्रत्येकाचा तेथे साचा ठरलेला. त्या साच्यात एका तरुण मराठी मुलीने स्वतःला बसवून पाहिले. शिवाय कर्नाटकातील यक्षगानही त्या शिकल्या. पुढच्या आयुष्यात वयाहून तीस-चाळीस वर्षांनी मोठ्या बायका त्यांनी सहज वठवल्या, त्याचे मूळ आम्हांला ह्या शिक्षणात दिसते. म्हातारपण हे त्यांच्या अभिनयात केसांना पांढरा रंग लावून येत नाही. ते गुडघ्यांतून येते, उठताना जमिनीला टेकवलेल्या हातातून येते.

विद्यालयातच त्यांचा जयदेव हट्टंगडी यांच्याशी परिचय झाला आणि पुढे विवाह. जयदेव दिग्दर्शक. मुंबईत 'आविष्कार' संस्थेसाठी त्यांनी 'चांगुणा' बसवले, आणि त्यातील नायिकेच्या भूमिकेने रोहिणीबाईंकडे मराठी रसिकांचे लक्ष वेधले. मूळ नाटक लोर्का ह्या स्पॅनिश कवीचे, 'येर्मा'. मुलासाठी झुरणाऱ्या निपुत्रिक स्त्रीची ती शोकांतिका. मराठी नाव मात्र चांगुणा! आपल्या घरांतून श्रावणात चिलया बाळाची कथा ऐकत वाढलेल्या वाचकांना ह्या नावातील काटा सांगावयास नको. अतिथीसाठी पोटचे पोर उखळात कांडणारी ती चांगुणा, आणि पोर होत नाही म्हणून जळणारी ही चांगुणा. ज्या अभिनेत्रीला पुढे हिंदी चित्रपटसृष्टीने जन्माची आई करून टाकले, तिची पहिली गाजलेली भूमिका मूल नसलेल्या बाईची होती, हे आमच्या मते विसरण्यासारखे नाही. आई होणे ही आपोआप घडणारी गोष्ट नव्हे, हे त्यांनी अभिनयाच्या पहिल्या पायरीवरच अभ्यासले होते.

'गांधी'च्या आगेमागे त्यांनी केलेल्या चित्रपटांपैकी तीन आम्ही पुनःपुन्हा पाहिले. १९८२ च्या 'अर्थ'मध्ये त्या मोलकरीण आहेत. मुलीच्या शाळेसाठी जमवलेले पैसे दारुड्या नवऱ्याने पळवले म्हणून त्याचा जीव घेणारी. भूमिका लहान, पण नायिकेचे सुशिक्षित दुःख त्या बाईच्या दुःखापुढे फिके पडते. १९८४ च्या 'पार्टी'त त्या मोहिनी बर्वे आहेत, नाव मिळवलेल्या नाटककाराच्या सावलीत आपले अभिनेत्रीपण गमावून मद्याच्या आहारी गेलेली स्त्री. ह्या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'पार्टी' हे मूळ नाटक महेश एलकुंचवारांचे, आणि एलकुंचवार म्हणजे आपल्या शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यातील पारव्याचे. त्यांचे घराणे मुळात तेलुगू, विदर्भात येऊन मराठी झालेले. आपण मराठी, तेलंगणात येऊन राहिलेले. सीमेच्या दोन्ही अंगांनी अशी देवघेव चाललेली असते, तिची नोंद महसूल खात्याच्या दप्तरात होत नाही.

तिसरा चित्रपट 'सारांश'. शिवाजी पार्कजवळ राहणारे प्रधान हे निवृत्त शिक्षक आणि त्यांची पत्नी पार्वती. परदेशात त्यांचा एकुलता मुलगा मारला जातो. अनुपम खेर तेव्हा अठ्ठावीस-एकोणतीस वर्षांचे, रोहिणीबाईही तिशीच्या आगेमागे. दोन तरुण माणसे दोन वृद्ध झाली आणि सारा देश फसला. मुलाच्या अस्थी मिळवण्यासाठी वृद्ध प्रधान सरकारी कचेरीत जातात, तो प्रसंग फार नावाजला गेला. आम्ही नोकरीत शिरल्यावर तो पाहिला, आणि मेजाच्या पलीकडच्या बाजूने पाहिला, म्हणून अधिक लागला. दरवर्षी हयातीचे दाखले घेऊन येणाऱ्या विधवांची रांग आमच्यासमोर असे. ती जिवंत आहे एवढे पाहून सही करायची, हा आमचा धंदा. तिच्या जिवंत असण्याचा तपशील त्या नमुन्यात मावत नसे.

परंतु 'सारांश'मध्ये आमची दृष्टी सतत प्रधानांवरच खिळलेली, पार्वतीकडे आम्ही कधी नीट पाहिलेच नाही. मुलगा घरातल्या भाडेकरू मुलीच्या पोटी पुन्हा येणार, असे ती मनाशी धरून बसते. आमच्यासारख्या पदवीधराला तो भाबडेपणा वाटला. सुटीत घरी आलो असताना दूरदर्शनवर तो चित्रपट लागला, तेव्हा आम्ही आईपाशी तसे बोलूनही दाखवले. आमच्या पाठीवरचा एक भाऊ दोन वर्षांचा होऊन गेला, ही गोष्ट आम्हांला अर्थातच माहीत होती. आई काही बोलली नाही. थोड्या वेळाने उठून आत गेली आणि परत येऊन म्हणाली, "तुझ्या बापानंही मला असंच समजावलं होतं." तेवढेच. आमची पहिली चूक ती.

यानंतर बाजाराने आपले काम केले. १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभ बच्चन यांची आई झाल्या. बच्चन १९४२ चे. आई मुलाहून वयाने बरीच लहान! त्या भूमिकेलाही फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, आणि खरोखर, मुलाच्या हाताला लागलेले रक्त पाहून दूर सरणारी ती ताठ माता त्या चित्रपटाचा कणा आहे. तरी एकदा पांढरे केस लावले की हिंदी चित्रपट ते पुन्हा काळे होऊ देत नाही. मधूनच 'चालबाज'मधली दुष्ट काकू, मधूनच 'मोहन जोशी हाजिर हो'मधली वकीलबाई अशा निराळ्या वाटा त्यांनी धरल्या, पण लोकांनी त्यांना आईच ठरवून टाकले. नायकाला साठीतही विशीची नायिका मिळते. नायिकेला आणि नटीला मात्र तिशीतच सासू करून बसवतात. ह्या अन्यायाबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे, आम्ही भर घालीत नाही.

तेलुगूत त्यांचे पदार्पण आमच्या करीमनगरच्या वास्तव्यातले. १९९१ च्या संक्रांतीच्या सुमारास 'सीतारामय्या गारि मनवरालु' प्रदर्शित झाला. अक्किनेनी नागेश्वरराव हे आजोबा, नवखी मीना ही नात, आणि आजी रोहिणीबाई. नागेश्वररावांचे स्थान तेलुगू माणसाच्या मनात काय आहे हे आपल्याला वेगळे सांगायला नको. त्यांच्यासमोर पत्नी म्हणून उभे राहायचे तर अंगी वजन लागते. आमच्या कचेरीतील सहकारी सहकुटुंब तो पाहून आले आणि आजीचे कौतुक करू लागले. ती पुण्याची मराठी बाई आहे असे आम्ही सांगितले, तर त्यांना ते पटेना. "छे, ही तर आमच्या कोनसीमेकडची," असे एकाने ठासून सांगितले. तेव्हा आम्हांला अभिमान वाटला खरा, पण आतून थोडे चमत्कारिकही वाटले. आमच्या चार पिढ्या ह्या प्रांतात गेल्या, आम्ही तेलुगूत टिपणे लिहितो, तरी कचेरीत आमची ओळख 'ते मराठी सार' हीच राहिली. आणि ही बाई एका चित्रपटात कोनसीमेची झाली!

आता दुसऱ्या चुकीकडे वळतो. २००२ साली वडील गेले. आम्ही हैद्राबादेत होतो. आईला वांकिडीला एकटी ठेवणे बरे दिसेना, म्हणून तिला आमच्याकडे आणले. तिसऱ्या मजल्यावरची सदनिका, शेजार सगळा तेलुगू. आईला तेलुगू येत नव्हते असे नव्हे. पण तिचे तेलुगू शेतावरच्या मजुरांशी आणि बाजारातल्या भाजीवालीशी बोलण्याचे. त्यात भाव होता आणि हुकूम होता, सुखदुःख नव्हते. आम्ही उभयता नोकरीवर, मुलगा महाविद्यालयात. दिवसभर ती घरात एकटी. तिच्या साऱ्या दिवसातील मराठी माणसे कोणती, तर संध्याकाळी येणारे आम्ही आणि 'चार दिवस सासूचे'मधले देशमुख कुटुंब. रोहिणीबाई त्यात आशालता देशमुख. सून अनुराधा म्हणजे कविता लाड. आई त्यांना 'आशालताबाई' म्हणे, आणि त्या जणू आमच्या वरच्या मजल्यावर राहतात अशा सहजतेने त्यांच्याबद्दल बोले.

आम्हांला ती मालिका असह्य होई. कस्तुरबा, पार्वती प्रधान, मोहिनी बर्वे केलेल्या अभिनेत्रीने रोज संध्याकाळी भरजरी साडी नेसून सुनेला घालूनपाडून बोलावे! एकदा जेवताना आम्ही तावातावाने आईला बाफ्ताचे महत्त्व समजावून सांगितले आणि ही त्या कलावतीची अधोगती आहे असा निर्वाळा दिला. आईने भाताचा घास मोडला आणि म्हणाली, "काहून रे, दररोज करणं सोपं असते का?"

ह्या प्रश्नाला आमच्यापाशी उत्तर नव्हते. आज थोडेसे आहे. नाटक अडीच तासांत संपते, चित्रपटाचे चित्रण काही महिन्यांत. पण दैनंदिन मालिका वर्षानुवर्षे चालते. लेखक बदलतो, दिग्दर्शक बदलतो, कथा आज एक म्हणते आणि सहा महिन्यांनी तिच्या उलटे म्हणते. त्या गलबल्यात पात्राची स्मृती एकट्या नटापाशी असते. कालची आशालता आणि आजची आशालता एकच बाई आहे, ही खात्री प्रेक्षकाला देणे हे त्याचे काम. रोहिणीबाईंनी ते तीन हजारांहून अधिक भाग केले. सुनेला न स्वीकारणारी कठोर सासू ते तिच्यावर विसंबणारी वृद्धा, हा पालट एखाद्या भागात टाळ्या घेऊन झाला नाही. दुधाला विरजण लागावे तसा हळूहळू झाला, आणि तो पाहायला आईसारख्या हजारो बायका रोज बसल्या. मालिकेत खोटे दागिने पुष्कळ होते, योगायोगही नको तितके. पण ही दीर्घ मुदतीची ठेव 'पार्टी'तील एका संध्याकाळपेक्षा कमी प्रतीची, असे म्हणायला आता आमची जीभ रेटत नाही. त्याच काळात त्या 'अपराजिता' हे एकपात्री नाटकही करीत होत्या, जयदेव हट्टंगडींनीच बसवलेले. रंगमंचावर एकटीने उभे राहण्याची ताकद त्यांनी मालिकेच्या रहाटगाडग्यातही जाऊ दिली नव्हती. २००८ साली जयदेव गेल्याची बातमी आम्ही आईला वाचून दाखवली, तेव्हा तिने हातातली जपमाळ खाली ठेवली. त्या संध्याकाळी पडद्यावर आशालताबाई नेहमीप्रमाणे कुंकू लावून आल्या. आई त्या कुंकवाकडे पाहत राहिली, आणि बराच वेळ तिने आवाज मोठा केला नाही.

एक गोष्ट सांगायची राहिली. ही मराठी वाहिनी २००० साली सुरू झाली ती हैद्राबादच्या रामोजी समूहाची. तिचा कारभार हयातनगरच्या पलीकडे रामोजी फिल्म सिटीतून चाले. आईला हे सांगितल्यावर तिला विलक्षण आनंद झाला. मराठी मुंबईहून येत नाही, आपल्याच गावच्या वेशीवरून येते, ह्या कल्पनेनेच ती सुखावली. "मला एकदा नेऊन दाखव," म्हणाली. आम्ही बरे म्हटले. शहरातल्या शहरात जायचे, शासकीय वाहन मिळण्याजोगे होते, रविवार तर वर्षाला बावन्न येतात. सात वर्षांत आम्ही तिला नेले नाही.

२०१० साली आसिफाबादला बदली मागून घेतली आणि आम्ही वांकिडीच्या घरी परतलो. पुढच्या वर्षी मुलाने तेलुगू मुलगी पसंत केली. आई दोन दिवस जेवली, पण बोलली नाही. अखेर आमच्या सौभाग्यवतींनी शेवटचे अस्त्र काढले. म्हणाल्या, "आई, आशालताबाईसुद्धा निवळल्या. तुम्ही कधी निवळणार?" आई म्हणाली, "त्यांना दहा वर्षं मिळाली. मला कोण देणार?" आणि दुसऱ्या दिवशी साखरपुड्याच्या साडीची चौकशी करू लागली. मात्र भाषेची भिंत उभीच होती. सूनबाई आल्या की आई त्यांना तेलुगूत 'तिनू' म्हणजे 'जेव' एवढेच म्हणे, तेही मजुरांना म्हणावे तसे, एकेरीत. त्यांना ते बोचत असणार. त्यांनी कधी दाखवले नाही.

तर २०१३ ची संक्रांत. मालिका संपून आठवडा झालेला, आई सुन्न. सूनबाईंना महेशबाबू आणि व्यंकटेश एकत्र असलेला नवा चित्रपट पाहायचा होता. घरातली सगळीच निघाली, तेव्हा पंचाहत्तरीतल्या आईलाही बरोबर घेतले. तिला चित्रपट कळेल अशी आमची अपेक्षा नव्हती. दिवे मालवले, काही वेळाने पडद्यावर त्या कुटुंबातली आजी आली, आणि आई भर प्रेक्षागृहात ओरडली, "अगं बाई! ह्या तर आपल्या आशालताबाई!" पुढच्या रांगेतली माणसे वळून पाहू लागली. आम्ही संकोचलो. पण सूनबाईंनी आईचा हात धरला आणि तेलुगूत घाईघाईने काही सांगू लागल्या. त्यांच्या आजीचा सर्वांत आवडता चित्रपट 'सीतारामय्या गारि मनवरालु'. लहानपणी आजीच्या मांडीवर बसून तो कितीदा पाहिलेला. ह्याच त्या आजी. आईला त्यातले 'नानम्मा' आणि 'सीतारामय्या' एवढे दोन शब्द कळले असतील. तिने मान हलवली.

त्या रात्री ओसरीवर, आणि पुढल्या दोन रात्री, आईने नातसुनेला अकरा वर्षांची मालिका सांगितली. आपल्या त्या बाजारी तेलुगूत! ज्या भाषेत तिने जन्मभर मजुरी ठरवली आणि वांग्याचा भाव केला, त्या भाषेत ती संशय, रुसवा, गैरसमज, पश्चात्ताप सांगू लागली. शब्द अडले की मराठी घाली, मराठी कळले नाही की हातवारे. सूनबाई शब्द पुरवीत. एकदा आशालताबाईंवर ओढवलेला कुठलासा प्रसंग सांगताना आई थांबली, आणि सूनबाईंनी दिलेला शब्द तिने उचलला, "पापम्!" मराठी कानाला पापासारखा वाटणारा आणि तेलुगूत 'बिचारी' अशा अर्थाचा हा शब्द. सत्तावन्न वर्षे तेलुगू मुलखात काढलेल्या आईच्या तोंडून तो आम्ही प्रथमच ऐकला.

पुढे त्याच वर्षी झी मराठीवर 'होणार सून मी ह्या घरची' सुरू झाली आणि रोहिणीबाई गोखल्यांच्या घरच्या आईआजी म्हणून परत आल्या. आईला मोठा आधार झाला. सूनबाई आठवड्याला दूरध्वनी करून कथा विचारीत, आणि आता उत्तरे अर्धी मराठीत येऊ लागली. २०१७ साली आई गेली.

ह्या अभिनेत्रीच्या कामाचा व्याप अजून संपलेला नाही. 'चारचौघी' ह्या प्रशांत दळवींच्या नाटकाचे २०२२ साली पुनरुज्जीवन झाले, त्यात त्या आईच्या भूमिकेत उभ्या राहिल्या. आणि २०२३ च्या जूनअखेर आलेल्या 'बाईपण भारी देवा' ह्या केदार शिंदे यांच्या चित्रपटात सहा बहिणींपैकी थोरली, जया. मंगळागौरीच्या स्पर्धेसाठी एकत्र येणाऱ्या बहिणींची ती गोष्ट. बायका जथ्थ्याने, नऊवारी नेसून चित्रगृहात जात असल्याचे ऐकले, तेव्हा सौभाग्यवतींनी हट्टच धरला. मुलगा, सून आणि नऊ वर्षांची नात हैद्राबादेहून आली होती. आम्ही पुन्हा राजुऱ्यावरून चंद्रपूरला गेलो, चाळीस वर्षांपूर्वीसारखेच, फक्त ह्या खेपेस मोटार मुलाची होती.

रोहिणीबाई पडद्यावर आल्या. ह्या वेळी त्यांना म्हातारे दिसण्यासाठी रंगभूषेची फारशी गरज नव्हती. केस खरेच पांढरे होण्याच्या वयात त्या पोचल्या होत्या, आणि आम्हीही. शेजारी बसलेली नात कुजबुजत विचारू लागली, "तात्या, म्हाताऱ्या आजीची आशालताबाई ती हीच का?" पणजी गेली तेव्हा ती तीन वर्षांची होती. हे नाव तिच्यापर्यंत कुणी पोचवले, ते विचारण्याची आवश्यकता नव्हती. आम्ही उत्तर देणार, तोच पलीकडून सूनबाईंनी तिच्या गुडघ्यावर हलकेच चापट मारली आणि मराठीत म्हणाल्या, "आधी बघ. मग सगळं सांगते."